काना

फसली तेराशे पंचावन्नचा उतारा आहे,
कळमनुरीकडच्या एका शाळेचा.
नाव, मसाजी वल्द सटवाजी.
जातीच्या रकान्यात मास्तरांनी लिहिलंय
अंध.

एक काना राहिला.
टाकातली शाई संपली असेल,
किंवा जेवायची सुट्टी झाली असेल.
किंवा उर्दू दफ्तरातच अलिफवरची मद्द
कुणीतरी आधी गिळलेली,
मग मराठीत उतरवताना
आमचा काना कुठून यावा?

माझा पणजा मसाजी
एका माशीवर नजर ठेवून
दोन टेकड्या ओलांडायचा
आणि नेमका पोळ्याखाली जाऊन उभा राहायचा.
तो कागदावर आंधळा झाला.

समितीच्या ऑफिसात अकरापासून बसलोय,
बाबा, मी,
आणि साडीच्या दुकानाच्या पिशवीत चार पिढ्या.
माझ्या नर्सिंगची जागा सोमवारपर्यंत धरून ठेवतील.
साडेतीनला पुकारा झाला,
भुजंग मसनाजी डाखोरे.

साहेब तसे वाईट नव्हते.
पाणी घ्या म्हणाले.
मग देव कुठले, विचारलं.
हळद कोण लावतं, पहिली कुणाला.
मेलेल्याचं डोकं कुठल्या दिशेला.
बाबा सांगत गेले,
सांगताना टोपी काढून मांडीवर ठेवली,
आत्याच्या मरणाचं सांगताना परत घातली.
शेवटी साहेबांनी पेनाचं टोपण लावलं
आणि सहज विचारलं,
बरं, आंध म्हणजे काय?

पंखा फिरत होता, कागदांवर दगड होते.
बाबा दगडांकडं बघत बोलले,

"आमच्यातले काही म्हनायचे, लई आधी
गोदेकाठी राजे होते, त्यांच्यातले आपन.
काही म्हनायचे, तेलंगनातून चालत आलो,
तिकडचं नाव पायाला चिकटून आलं.
आत्या म्हनायची, नावाला कशाचा अर्थ,
नाव हाक मारायला असतंय.
खरं कोन्तं, मला ठावं न्हाई सायेब.
आंधळं न्हाई, येवढं ठावं हाय."

साहेबांनी टोपण काढलं, काहीतरी लिहिलं.
उलटं वाचायचा प्रयत्न केला मी,
अक्षर फार बारीक होतं.
पुढची तारीख एकवीस.

हिंगोलीच्या गाडीत जागा मिळाली, मागच्या चाकावर.
जिंतूरच्या पुढं मी बाबांना सांगितलं,
होस्टेलच्या वाचनालयात एक पान वाचलं होतं.
अमेरिकेत, समुद्राच्या कडेला लोक आहेत,
शिनेकॉक.
कुणी म्हणतं, अर्थ खडकाळ किनाऱ्याचे लोक.
कुणी म्हणतं, सपाट जमिनीचे.
"म्हंजे त्यान्लाबी पक्कं ठावं न्हाई?"
नाही.
"बरं झालं," बाबा म्हणाले,
आणि खिडकीची काच थोडी सरकवली.

ते शिंपल्यांचे मणी करायचे,
होड्या घेऊन मोठाले मासे मारायला जायचे.
सरकारला म्हणाले, आम्ही आहोत, लिहून घ्या.
लिहून घ्यायला बत्तीस वर्षं लागली.

बाबांनी बोटांवर मोजलं.
एकदा मोजून परत मोजलं.
"बत्तीस वर्सं ते राहत कुठं होते?"
तिथंच, बाबा. किनाऱ्यावर.
खूप वेळ काही बोलले नाहीत.
औंढ्याच्या थांब्यावर शेंगा घेतल्या,
टरफलं पिशवीत न टाकता मुठीत धरून ठेवली,
पिशवीत कागद होते म्हणून.

कयाधूच्या पुलावर गाडी हळू झाली.
पाणी नव्हतं, नुसते गोटे, पांढरे, काळे,
एक बाई त्यांवर गोधडी वाळत घालत होती.
बाबा म्हणाले,
"राक्षसाच्या बायकोचं नाव हाय या नदीला.
हिला कोनी पुरावा मागतो का?"
मग स्वतःच हसले, टरफलं खिडकीबाहेर सोडली.

घरी आल्यावर उतारा पुन्हा उघडला.
माझ्याकडं निळं पेन होतं.
अक्षराच्या उजवीकडं, तेवढीच, बोटाच्या पेराएवढी
कोरी जागा आहे, ऐंशी वर्षं.
पेन मी जवळ नेलं.

बाबा दारात काठी टेकून उभे होते.
म्हणाले, "राहू दे.
मास्तराची चूक मास्तराच्याच अक्षरात राहू दे.
आपन तोंडानं म्हनू."
आणि बाहेर जाऊन
शेळ्यांना हाका मारू लागले, एकेकीला नावानं.