डमी

चार महिने पावसानंच पाणी घातलं.
टायमरचे सेल काढून मी डब्यात ठेवले होते.
आता दिवाळी सरली. उसाचे ट्रॅक्टर
रात्रभर गाणी लावून जातात,
आणि सकाळी देवकर पाणंदीत
नाकाला आधी गार लागतं, मग गुळाचा वास.
आज ड्रिप धुवायचं.

पहिल्यांदा फिल्टर.
झाकण ढिम्म हलेना. उद्यमनगरात
बत्तीस वर्षं नटबोल्ट सोडवले,
आता पाना धरला की अंगठा कुरकुरतो.
निघालं एकदाचं. जाळीवर शेवाळ, लाल गाळ,
आणि नखाएवढी गोगलगाय, जिवंत.
शेजारच्या मगदूम वहिनी पाणी गाळायच्या
आणि फडक्यातलं परत आडात सोडायच्या,
ज्याचं घर त्याला, म्हणायच्या.
मी गोगलगाय अळूच्या पानावर ठेवली.
उगाच. आता अळू खाईल ती.

मग पायपांची टोकं उघडली.
आधी काळं पाणी, मग चहासारखं,
मग बराच वेळ नुसता खाकरा,
मग स्वच्छ.
ड्रीपर एकसष्ट. लिंबूसताच्या बादलीत
तासभर भिजवले, एकेक तोंडाला लावून फुंकला.
जास्वंदीच्यातनं मुंगीची अंडी निघाली,
कढीपत्त्याच्यातनं काहीच नाही, तरी तो बंदच.
शेवंतीपाशी खारीनं पाइप कुरतडलेला.
जोड बसवायला टोक मऊ करावं लागतं,
ते मी चहाच्या आधणात बुडवलं.
शालन म्हणाली, प्या आता पाइपचा चहा.

शेवटची लाईन भिंतीपलीकडं जाते.
भोक मीच पाडलेलं, वहिनींच्या चिक्कूसाठी.
आषाढात त्या लेकाकडं इचलकरंजीला गेल्या.
घर विकलं. चिक्कू तोडला त्या दिवशी
मी पेन्शनच्या कामाला बँकेत होतो;
परत आलो तर आमच्या स्वयंपाकघरात ऊन.
पाइपला एकदा भोक पडलं की भरत नाही,
डमी मारायची. लक्ष्मीपुरीत दोन रुपयाला मिळते.
कालच आणलीय.

कॉक उघडला. स्टुलावर चढून पलीकडं वाकलो.
पाणी सुरू होऊन पाच मिनिटं झाली नसतील,
नव्या बांधकामावरच्या गवंड्याच्या बाईनं
ड्रीपरखाली डालड्याचा डबा लावलेला.
ती विटांवर बसून पोराची वेणी घालत होती.
मला बघून डबा उचलायला लागली.
ऱ्हाऊ दे, म्हटलं.
का म्हटलं कुणास ठाऊक.

थंडीत झाड कमी पितं.
टायमर विसावरनं आठ मिनिटांवर आणायचा,
हे दरवर्षीचं ठरलेलं.
चार लिटरचा ड्रीपर आठ मिनिटांत
अर्ध्या लिटरला टेकतो. डबा मोठा होता.
खाली उतरलो, खोक्यात हुडकून
आठ लिटरचा लाल ड्रीपर काढला,
परत चढलो.
गुडघा म्हणाला, हे कशाला?

आठ मिनिटांत एक लिटर, वर घोटभर.
डमी शर्टाच्या खिशातच राहिली आहे.
धुण्याला टाकताना शालन विचारेल,
ही गुंडी कशाची.