मधले सतरा दिवस

बावीस डिसेंबरला मौखिकी झाली.
सागरहून आलेल्या परीक्षकांनी हात मिळवला,
"अभिनंदन, डॉक्टर."
विभागात संत्रा बर्फी वाटली,
शिपाई गजूभाऊंनी दोनदा घेतली.
विद्यापीठाची अधिसूचना निघाली आठ जानेवारीला.
शासन निर्णय म्हणतो, एक जानेवारी.

तीन वेतनवाढी. त्याही चक्रवाढ नाहीत.
मिळाल्या, आणि चार वर्षांनी
सहसंचालक कार्यालयातल्या कुणी
सेवापुस्तकात लाल शाईने लिहिलं, "अनुज्ञेय नाही".
वसुली लागली मार्चच्या पगारातून,
कुलरची मोटर जळाली त्याच महिन्यात.

तेव्हापासून अकरा वर्षं
सिव्हिल लाइन्सच्या दगडी इमारतीत
मी याचिकाकर्ता क्रमांक सात.

लोक विचारतात, किती होतात हो पैसे?
आकडा सांगितला की म्हणतात, एवढ्यासाठी?
खरं तर आकडा सांगताना
माझाही आवाज खाली जातो.

माझं काम गवतावर.
वैनगंगेच्या काठची एकशे बेचाळीस गवतं,
पवनीपासून खाली, सायकलने,
रद्दी पेपरात दाबून आणलेली.
थोरला भाऊ म्हणाला होता,
"गवतावर काऊन पीएचडी करतं माणूस?
ढोरं काय करतीन मंग?"

दोन गवतं अगदी सारखी दिसली
तर पानाचा सांधा हलकेच उघडायचा.
आत जिभली असते.
कुणाची केसाळ, कुणाची नुसता पापुद्रा.
तिथं ती वेगळी होतात.
हे मी एकतीस वर्षं शिकवलं.

आज बोर्डावर आमचा एकेचाळिसावा.
जेवणाच्या सुट्टीपर्यंत एकोणीस झाले.
क्रमांक तीन, भौतिकशास्त्राचे बोकडे सर,
गेल्या पोळ्याला गेले.
त्यांच्या जागी आता यमुताई, तीन-अ, वारस.
पिशवीत डबा, डब्याखाली
नवऱ्याच्या पदवीची साक्षांकित प्रत.
तर्रीचा डाग पडू नये म्हणून प्लॅस्टिकमध्ये.
"मला विचारलं तं काय सांगू, सर?
डिग्री तं यांची होती."
कुणी विचारत नाही, ताई, मी म्हटलं.
अकरा वर्षांत मलाही कुणी विचारलं नाही.

साडेतीनला पुकारा झाला.
सरकारतर्फे उभी राहिली प्रांजल गिऱ्हेपुंजे.
बीएस्सी शेवटचं वर्ष, दुसरा बाक, खिडकीकडचा.
सकाळी व्हरांड्यात "सर" म्हणून वाकली होती,
हातातल्या फाइलीवर माझंच नाव.
आत ती मला "याचिकाकर्ता" म्हणाली,
आणि घाई न करता
दोन तारखा शेजारी ठेवल्या,
सारख्या दिसणाऱ्या,
आणि सांधा उघडला.
"माय लॉर्ड, परीक्षा उत्तीर्ण होणं वेगळं,
पदवी प्राप्त होणं वेगळं."

काय सांगू.
दहापैकी नऊ दिले असते.
एक गुण कापला असता,
कारण मधल्या सतरा दिवसांत
तो नमुना कुठल्या कपाटात होता
हे तिने सांगितलं नाही.
आमच्या वकिलांनीही विचारलं नाही.
ते पान उलटत होते.

मला आठवतं कुठे होता.
आकाशवाणी चौकातून घरी येताना
नावापुढे दोन अक्षरं लावून
मनातल्या मनात म्हणून पाहत होता.

उन्हाळ्याच्या सुट्टीनंतर, कोर्ट म्हणालं.

फाटकाबाहेर ऊन टेकलं होतं फुटपाथला.
यमुताईंनी अर्धी पोळी हातावर ठेवली.
"सुट्टीनंतर तं तुम्ही रिटायर असान नं?"
हो, तीस जूनला.
"मंग जुलैची वाढ?"
ती एक जुलैला लागते, ताई.
एक जुलैला जो नोकरीत असेल त्याला.
त्याचा खटला वेगळा असतो.

त्यांनी बोटं मोडून पाहिलं,
तीस, एक,
आणि डबा बंद करता करता
मोठ्यानं हसल्या,
बोकडे सर गेल्यापासून बहुधा पहिल्यांदा.
"म्हणजे आता एका दिवसासाठी?"