कार्यभार

शैला, या किल्ल्या.
पितळेची सभागृहाची. जरा वर उचलून फिरवायची,
नाहीतर अर्धा तास पायरीवर बसशील.
छोटी नगाऱ्यांच्या खोलीची. टिंपनी म्हणतात खरं,
सुभेदार गुरवांनी पलटणीतनं
कच्च्या पावतीवर आणले होते,
परत कुणी मागितले नाहीत.
तू विचारायला जाऊ नकोस.

चौतीस वर्षं झाली.
उद्यमबागेत फाउंड्रीच्या हिशेबखात्यात होतो.
ब्राझ फुर्ताडो कॅम्पातनं सायकल मारत आला, म्हणाला,
"मुतगेकर, बत्तीस माणसं आहेत वाजवणारी,
खुर्च्या मोजणारा एक नाही."
मोजल्या. एकोणतीस निघाल्या.
तीच माझी नेमणूक बघ,
पत्र सहा वर्षांनी आलं, पगार त्याच्याही नंतर.

मला वाजवता येत नाही काही.
टाळी धरली तर शेजारचा चुकतो.
पण चेलोला बिनहाताची खुर्ची लागते,
ओबोवाल्याला आधी पोहे देऊ नयेत,
आणि डबल बास गोकाकला न्यायचा तर
मागच्या सीटवर आडवा, चादर घालून.
कंडक्टर विचारतो, "इदु येनु री?"
फुर्ताडो एकदा गमतीनं म्हणाला, "हेण री." मढं.
पुढच्या तीन रांगा रिकाम्या झाल्या,
चिकोडीची एक म्हातारी तेवढी
हात जोडून बसली शेवटपर्यंत.

फलकाचं सांगायचं राहिलं.
वरची ओळ कन्नड, खालची मराठी,
आणि रंगारी एकच ठेव, शहापूरचा इरण्णा.
त्याची अक्षरं दोन्हीकडं सारखीच वाकडी.
नोव्हेंबरची एक तारीख कधी धरू नकोस.
मी धरली होती एकदा, नवा होतो.
बाहेर बाजार बंद, चौकात पोलीस,
आत प्रत्येक स्टँडखाली एकेक कप.
बत्तीस कप चहा
निवताना बघत बसलो.

तिसऱ्या गेटाजवळ मालगाडी
नऊ वाजून दहाला शिटी मारते.
संथ भाग त्याच्या आत संपायला हवा.
फुर्ताडोला हे मी कधी सांगितलं नाही.
मध्यंतराचं आधण
सात मिनिटं अलीकडं ठेवायला लावायचो, बस्स.
तो म्हणायचा, बेळगावची रेल्वे संगीत जाणते.
म्हणू दे. गेला बिचारा तसंच समजून.

कुमुद म्हणायची,
"दर महिन्याला लग्न काढता,
मांडव, वाढपी, रुसवे-फुगवे सगळं,
नवरी तेवढी कुठं दिसत नाही."
शेवटच्या वर्षी आली होती ती,
शाल घेऊन मधल्या रांगेत.
घरी येताना रिक्षात म्हणाली, "चांगलं होतं हो."
काय चांगलं होतं,
ते विचारता आलं नाही मला.
मी त्या वेळी बाहेर होतो,
डिझेलच्या कॅनला नरसाळं धरून.

खरं सांगायचं तर आख्खा असा
एकही कार्यक्रम ऐकलेला नाही मी.
सुरुवात दाराच्या फटीतनं,
मधलं भिंतीतनं,
शेवटच्या टाळ्या मात्र नेहमी,
कारण तेव्हा दोन्ही दारं उघडायची असतात.

वही कपाटात आहे. लाल खुणा देणगीदारांच्या,
निळ्या, जे नुसतं देतो म्हणाले त्यांच्या.
पाहुण्यांना कुंदा दे, पण कार्यक्रम झाल्यावर.
चिकट बोटांचा राग व्हायोलिनवर निघतो.

शनिवारी मला पास पाठवू नकोस.
तिकीट काढीन.
ई रांगेतली अकरावी, खांबाआडची.
तिथनं कुणी दिसत नाही,
पण ती खुर्ची करकरत नाही.
तेल मीच घालतो तिला.

आणि हो,
जनरेटरवाल्याचे बाराशे बाकी आहेत.
तो मागायला लाजतो.
आधी ते दे.