सातवा टेक

पडद्यावर जो माणूस कोंगा वाजवतो
त्याला कोंगा वाजवता येत नव्हता.
खांदे छान हलवायचा, मोक्यावर ओठ चावायचा,
बायका त्याच्यासाठी दोन-दोनदा तिकीट काढत.
हात माझ्या बापाचे आहेत.

आन्सेल्मो किलेस, मूळचा लोइझाचा,
नंतर ब्राँक्स, पाचवा मजला, बिनलिफ्टची इमारत.
दिवसभर मॅनहॅटनच्या हॉटेलात
दुसऱ्यांची लिफ्ट वर-खाली करायचा,
रात्री तळघरातल्या क्लबात
सॅक्सोफोनच्या मागे, खांबाआड बसून वाजवायचा.
तिथूनच उचललं त्याला कुणीतरी :
एक दुपार, अठरा डॉलर, जेवण स्टुडिओचं.

जेवण म्हणजे थंडगार सँडविच.
हे तो कधी विसरला नाही.

मग एक बाई आली पावडरचा डबा घेऊन.
नटाचं मनगट शेजारी धरलं,
शिंप्याने अस्तराला कापड जुळवावं तसा रंग जुळवला,
आणि बोटांच्या पेरांपासून कोपरापर्यंत
माझा बाप तीन छटा उजळ झाला.
"हात हलवू नका," ती म्हणाली.
कोंगा वाजवायला आलेल्या माणसाला.

पहिल्या टेकला दिवा फुटला.
दुसऱ्यात कुणीतरी शिंकलं.
तिसऱ्या-चौथ्यात तो जपून वाजवत होता,
नव्या बुटातलं पोर चिखल टाळत चालतं तसा.
सहाव्यानंतर दिग्दर्शक घड्याळ बघायला लागला.
सातव्यात पियानोवाला
(तो खरा होता, क्लबातलाच, ओस्वाल्दो)
डाव्या हाताने असं काही बोलून गेला
की उत्तर न देणं उद्धटपणा ठरला असता.

क्लावेचं असं असतं :
तीन ठोके, मग दोन,
आणि मधे एक जागा, जिथे कुणी काही वाजवत नाही
पण सगळे तिथेच उभे असतात.
बाप त्या जागेत शिरला.
तळवा, बोटं, कड, पुन्हा तळवा,
कातड्यावर कातडं,
आणि पावडर उडाली.

ढगच. दिव्याच्या झोतात सावकाश वर चढणारा.
कॅमेरावाल्याने थांबवलं नाही.

त्या ढगाबद्दल पुढे पुष्कळ छापून आलं.
संगीताचा धूर, म्हणाले. लयीचा आत्मा, म्हणाले.
समुद्रापलीकडच्या कुठल्याशा शहरात बक्षीस मिळालं.
श्रेयनामावलीत
नटाचा कुत्रा सांभाळणाऱ्याचं नाव आहे.
परवा विद्यापीठात दाखवला सिनेमा, धुऊन काढलेली नवी प्रत.
प्राध्यापकाने नेमका तोच शॉट थांबवला,
काठीने ढग दाखवला :
"असे क्षण आपोआप घडत नाहीत, रचावे लागतात."
मी मागच्या रांगेत, मांडीवर कोट.
हसू आवरेना.

बाप एकदाच गेला होता बघायला,
प्रॉस्पेक्ट अ‍ॅव्हेन्यूवरच्या थिएटरात, आईला आणि मला घेऊन.
पूर्णवेळ हात खिशात.
लोक टाळ्या वाजवत होते.
बाहेर दिव्याखाली आईने त्याच्याकडे पाहिलं,
"रंग का उडालाय रे तुझा?"
"उडाला तो त्यांचा," तो म्हणाला,
"मिग्दालिया, तू तरी बघितलंस की नाही?"

मी नऊ वर्षांची. मी पॉपकॉर्न बघत होते.

मला चाळीस वर्षं लागली.
ढग विरतो, आणि कॅमेरा वर वळण्याआधी
शेवटचे अकरा ठोके राहतात.
मोजून बघा.
कोपर अजून स्टुडिओचं आहे,
मनगटावर घामाचा ओघळ, रेघ पाडत निघालेला,
आणि त्याखाली बोटांच्या पाठी
काळ्या, ओल्या, लोइझाच्या,
सिनेमाभर कुणाशीच न जुळणाऱ्या.

मग चेहरा येतो.
ओठ चावतो, मोक्यावर.