सहा नंबरचा कोट

आमच्या गावात लग्नं होतात अग्निशामक दलाच्या हॉलमध्ये.
दोन दिवस बंब बाहेर काढून ठेवायचा, चर्चसमोर,
फरशीवरचं ऑइल घासायचं
आणि त्या जागी दीडशे माणसांची टेबलं.
स्वयंपाक माझ्याकडे. एकवीस वर्षं.
नवऱ्या मला पाठमोऱ्याही कळतात:
उपाशी नवरी ताठ बसते.

हाल्श्का सकाळपासून ताठ.
दारातला पाव-मीठ तेवढा जिभेला लागला,
तोही हनुवटीखाली सासूने रुमाल धरून.
मग सूप आलं. नको.
भाजलेलं बदक आलं, वर चेरीचा रस.
नको, खरंच नको, पोट भरलंय.
शेजारून लोण्याची वाटी गेली तरी अंग चोरायची.

झगा भाड्याचा, बियावीस्तोकच्या दुकानातला.
अनामत आठशे झ्लोटी.
पावतीवर छापलंय: डाग पडल्यास परत मिळणार नाही.
मला कसं माहीत?
तिच्या आईने तीनदा सांगितलं,
तिन्ही वेळा माझ्या हातातल्या पातेल्याकडे बघत.

रात्री बारा वाजता नवरीच्या डोक्यावरची जाळी उतरवतात.
तिने ती फेकली, कुठल्याशा चुलतबहिणीने झेलली,
अकॉर्डियन सुटला.
आणि बारालाच आमच्याकडे बीटाचं सार वाढायचं असतं,
आंबट, कढत, लालभडक,
नाचून दमलेल्या माणसाला पुन्हा उभं करणारं.
मी वाडगे भरत होते. दार ढकलून ती आत आली,
दोन्ही हातांनी घेर उचललेला,
ओढा ओलांडताना उचलावा तसा.
‘मावशी, मला नुसता वास घेऊ दे.’

वासाने कुणाचं पोट भरलंय?
खुंट्यांवर कोट होते, एक ते बारा.
सहा नंबरचा काढला. लेशेकचा.
तो तसाही बाहेर बंबाला टेकून घोरत होता.
उलटा घातला तिला, बटणं पाठीकडे,
बाह्या पार बोटांच्या टोकांवर,
मांडीवर बंबातली ताडपत्री,
बसायला बटाट्यांचा क्रेट.
म्हटलं, ह्या कोटाने गोठे जळताना पाहिलेत,
बीट त्याच्यापुढे काय? जेव.

पहिला वाडगा चमच्याने.
दुसरा तोंडाला लावून.
तिसऱ्याच्या वेळी सार हनुवटीवरून ओघळलं,
कोटाच्या चकाकत्या पट्टीवरून खाली, सावकाश,
आणि आम्ही दोघी बघत राहिलो
शेजारच्यांचं दूध उतू जाताना बघावं तसं.
‘ग्रात्स्यान मघापासून विचारतोय, मी रुसलेय का.’
भूक आणि रुसवा, मी म्हटलं, लांबून सारखेच दिसतात.

कोट उतरवला. झगा जसाच्या तसा.
मग काय वाटलं कुणास ठाऊक, तिने माझा हात धरला.
अगं, अगं, म्हणेस्तोवर.
दिवसभर बीटं किसलेला हात.

मीठ, थंड सोडा, पुन्हा मीठ.
डाव्या मनगटाच्या लेसवर तिळाएवढं गुलाबी राहिलंच.
‘दिसतंय?’
‘शोधणाऱ्याला.’
ती हसली आणि पळाली, घेर तसाच लोळवत.
अनामतीचं पुढे काय झालं, विचारलं नाही.
तिची आई अजून बेकरीत बोलते माझ्याशी,
म्हणजे मिळाली असावी.

ऑगस्टमध्ये पुन्हा लग्न. नदीपलीकडची कोर्नेलिया.
झगा तोच,
कमरेत उसवून थोडा सैल केलेला.
ताट ठेवण्याच्या निमित्ताने वाकले.
डावं मनगट.
होतं.
नवरी ताठ, समोर बदक गार.

तिच्या कानाशी म्हटलं,
बारा वाजले की मागच्या दाराने ये.
कोट धुतलेला नाही,
पण वाळलाय.