मोकळ्या जागा

डॉक्टर धैर्यवानांचं लिखाण टाइप करताना
मी मध्येमध्ये जागा सोडत असे.
मशीनला इंग्रजी येत होतं, ग्रीक येत नव्हतं.
चार वाजता, चहा झाल्यावर,
काळ्या शाईच्या बारीक निबाने
त्या जागा मी भरत जाई:
साय म्हणजे त्रिशूळ,
क्साय म्हणजे सोऱ्यातून तुटून पडलेली चकली,
लॅम्डा बसस्टॉपवर ताटकळलेला, एक पाय पुढे.
अर्थ कळत नव्हता.
पण हात थरथरलेला त्यांना चालत नसे.

खिडकीबाहेर कुलाब्याचा समुद्र.
संस्थेत येणारे पाहुणे आधी त्याच्याकडे बघत,
मग डॉक्टरांकडे.
ते मात्र खिडकीला पाठ करून बसत.
"लाटा मोजायच्या नसतात, चुरीबाई.
लाट म्हणजे काय ते एकदा कळलं की झालं."
आणि पुढची सोळा वर्षं
नेमकं तेच त्यांना कळत नव्हतं.

ठाकूरद्वारच्या घरी त्यांची आई विचारायची,
"अरे, पण तू दिवसभर करतोस काय?"
"खोडतो," म्हणायचे.
खरंच होतं ते. टोपलीत रोज तीस-चाळीस कागद.
पाठकोरे मी घरी नेई.
माझ्या धाकट्याने एकोणतीसचा पाढा त्यांवरच पाठ केला;
वाण्याची यादीही त्यांवरच,
तूरडाळ दोन किलो, साबण, वाती,
आणि पलीकडून उमटलेला
लांब मानेचा कुठलासा इंटिग्रल.

एकदा पान एकोणिसावर वजा होतं,
पान विसावर नव्हतं.
मी विचारलं, "हे कुठे गेलं?"
हिशेबात चार आणे कमी भरल्यावर विचारावं तसं.
ते कागद धरून उभेच राहिले.
मग बसले. मग हसले,
दाढ दुखत असताना माणूस हसतो तसे.
"आठ महिने," म्हणाले,
"एका आडव्या रेघेत आठ महिने गेले माझे."
दुरुस्त निबंध पुढच्या साली छापून आला.
तळाशी आभार: अमुक प्राध्यापक, तमुक परिषद,
आणि नेटक्या टंकलेखनासाठी श्रीमती चुरी.
माझे आभार मीच टाइप केले होते,
कार्बन घालून, तीन प्रतींत.

मग पदकं आली, शाली आल्या,
नारळ तर इतके की शिपायाच्या घरी आठवडाभर सोलकढी.
पाठ्यपुस्तकांत त्यांच्या नावाचं एक पद आलं.
धैर्यवान पद.
विद्यार्थी विचारत, कसं वाटतं, सर?
"बहुतेक गणितांत ते फार लहान असतं," ते सांगत.
"सोडून द्यायचं."

शेवटचं पाकीट माहीमला, माझ्या घरी आलं.
तोवर मी निवृत्त झाले होते,
संस्थेत ग्रीक जाणणारे कॉम्प्युटर होते,
आणि ते गिरगावातल्या नर्सिंग होममध्ये, नाकात नळी.
सात पानं. अक्षर उतरत्या दोरीसारखं.
सातव्यावर एक समीकरण:
डाव्या बाजूला सगळं मांडलेलं,
मग बरोबरचं चिन्ह,
मग काही नाही.

नंतर त्यावर बरंच बोलणं झालं.
हात थांबला असेल. विसरले असतील.
शून्यच म्हणायचं असेल, एक जण म्हणाला,
लिहायचं राहिलं.
मला कोणी विचारलं नाही.
विचारलं असतं तर सांगितलं असतं,
की जागा किती सोडायची, हे त्यांना मीच शिकवलं होतं:
एका अक्षराची रुंदी, डोक्यावर थोडी हवा.
मी पट्टी लावून पाहिली.
बरोबर मापात होती.

माळ्यावरचं मशीन काढून
सातही पानं टाइप केली.
चार वाजता चहा घेतला,
बाकीची चिन्हं भरली, ती एक सोडून.
निब धुऊन ठेवलं आहे.
दौतीत शाई वाळली आहे,
पण थेंबभर पाणी घातलं
की ती अजून सुटते.