घटक पहिला

तासिका तत्त्वावर, म्हणजे तासाला मोजून,
मी सांगलीत समाजशास्त्र शिकवतो.
हजेरीत नावं बावीस, वर्गात नऊ.
बाकीचे कुपवाडला, एमआयडीसीत, पहिल्या शिफ्टला.

फळ्यावर लिहिलं : समाज म्हणजे काय?
खडूचं टोक ओलं होतं, ‘समाज’ उमटलाच नाही,
नुसतं ‘म्हणजे काय’ दिसत राहिलं.

मग पाठ होतं ते सांगितलं.
कुणी म्हणतं, समाज शरीरासारखा,
हातानं हाताचं करावं, पोटानं पोटाचं.
कुणी म्हणतं, छे, ही रस्सीखेच,
आणि सालटी जातात ती एकाच बाजूची.
कुणी म्हणतं, हळदीच्या सौद्याला जाऊन बघा,
उपरण्याखाली बोटं बोटांशी बोलतात,
भाव फिरतो,
वर दोन्ही चेहरे कोरे.
सगळ्यांनी उतरवून घेतलं.
तीन मुद्दे, प्रत्येकी पाच गुण.

करुणा ऐवळे कधी बोलत नाही. ती म्हणाली,
“सर, हरिपुरात पेवं हुती न्हवं हळदीची,
माझा आजा उतरायचा त्यात.”
पेव उघडलं की बराच वेळ तसंच ठेवायचं.
मग दोरीनं कंदील खाली सोडायचा.
जळत राहिला तर माणूस सोडायचा.
“एकदा गाडी खोळंबलीवती, सर.
कंदील सोडलाच न्हाई.”

पुढचं ती बोलली नाही.

हळद कुणाची?
“पेठेतल्या शेटची.”
कंदील?
“त्येंचाच.”
मग उतरायचं तुमच्याच घरानं, हे ठरवलं कुणी?
तिनं खरंच आठवून बघितलं.
“कुनीच न्हाई, सर. ठरल्यालंच हुतं.”

ठरलेलंच होतं.
वाक्याला कर्ता नाही.
मराठीच्या तासाला हे खपून जातं.
इथं तीन वर्षं आपण तोच शोधायचा, मी म्हणालो,
आणि म्हणताना कळत होतं,
शेट सापडला तरी तोही हेच वाक्य म्हणणार.

गेल्या रविवारी विश्रामबागेत खोली बघायला गेलो.
मालकांनी चहा दिला. गाव विचारलं.
मग, सहज, पूर्ण नाव.
“अरे, हो की, खोली भाच्याला द्यायचं ठरलंय.”
मीही हसलो.
उपरणं नव्हतं, तरी बोटं दाबली गेली,
भाव कळला.
हे वर्गात सांगितलं नाही.

घंटा झाली. कुणीतरी विचारलं,
“सर, पेव परीक्षेला येतंय का?”
डस्टर घेऊन वळलो तर
खडू वाळला होता,
आणि ‘समाज’ आता सगळ्यात ठसठशीत,
पांढरा.

पुढचा तास अर्थशास्त्राचा, मॅडम दारात उभ्या.
मी जोर लावून पुसत राहिलो.
ओल्या खडूचं अक्षर
असं सहजासहजी जात नाही.